खरें कातडें आणि त्याचें सोंग

कातडें चांगलें कीं वाईट, नीट कमावलेलें कीं कच्चें राहिलेलें, एवढेंच दोनशें वर्षांपूर्वींचें गिऱ्हाईक पाहात असे. तें मुळांत कातडेंच आहे ना, असा प्रश्न त्यास क्वचितच पडे. हा प्रश्न यंत्रयुगानें निर्माण केला. आणि त्याचें उत्तर दर पिढीस नव्यानें शोधावें लागलें.

जनावराच्या त्वचेंत सूक्ष्म तंतु विणीवांचून एकमेकांत गुंतलेले असतात, आणि वरच्या अंगास केसांच्या मुळांचीं छिद्रें वेडींवांकडीं पसरलेलीं असतात. कोल्हापुराकडे बाभळीची साल व हिरडा यांच्या पाण्यांत ही त्वचा कमावण्याची पद्धति जुनी आहे. त्या पाण्यांतील तुरट द्रव्य तंतूंना धरून बसतें व कातडें कुजत नाहीं.

या वस्तूची मोठ्या प्रमाणावर नक्कल एकोणिसाव्या शतकांत मेणकापडाच्या रूपानें झाली. कापडावर जवसाच्या तेलाचे थर देऊन तें चकचकीत करीत. त्याची पारख सोपी होती. तुकडा उलटा केला कीं विणलेलें कापड दिसे.

१८४६ सालीं शेनबाइन या रसायनशास्त्रज्ञानें तीव्र आम्लांत कापूस भिजवून बनविलेला स्फोटक कापूस जगापुढें आणला. पुढें असेंच द्रव्य विरघळवून कापडावर पसरलें व कोरीव रुळाखालीं दाबलें, तर कातड्यासारखे दाणे उठतात असें आढळलें. अमेरिकेंतील डू पाँ ही मूळची बंदुकीच्या दारूची कंपनी. तिनें १९१० सालीं असें कापड करणारी फॅब्रिकॉइड कंपनी विकत घेतली. दारूखान्यांतील द्रव्य अशा रीतीनें मोटारीच्या बैठकीवर येऊन बसलें. इंग्लंडांत मँचेस्टरजवळ हाइड येथें होणाऱ्या अशाच कापडाचें व्यापारी नांव रेक्झीन. तें मराठींत इतकें रुळलें कीं, वहीच्या बांधणीपासून पेटीच्या आच्छादनापर्यंत कोणतेंही नकली कातडें रेक्झीनच झालें. बांधणींत व बैठकींत पाठ झांकली जाते; म्हणून येथें दाणे पाहणें आलें. रुळावरची आकृति ठराविक अंतरानें पुन्हा येते. जनावराच्या पाठीवर निसर्ग असा शिक्का उठवीत नाहीं.

१९२६ सालीं वाल्डो सेमन यानें विनाइल प्लॅस्टिक मऊ करण्याची कृति शोधली, आणि पुढें नकली कातड्यांत तेंच प्रमुख झालें. त्याची पारख ज्वालेनें होते. कातडें जळतांना केस जळाल्यासारखा वास येतो. प्लॅस्टिक वितळून गोळा होतें. परंतु विकत घ्यावयाची वस्तु दुकानांत कोण जाळून पाहणार?

१९६४ सालीं डू पाँ कंपनीनेंच कॉर्फम नांवाचें, सूक्ष्म छिद्रांतून हवा खेळूं देणारें कृत्रिम कातडें जोड्यांसाठीं बाजारांत आणलें. छिद्रांची खूणही मग निर्णायक राहिली नाहीं. मात्र त्याचा जोडा वापरानें पायाच्या घडणीप्रमाणें सैल होत नसे. १९७१ सालीं कंपनीनें तो उद्योग सोडून दिला.

त्यानंतरचें सोंग अधिक धूर्त आहे. कातड्याचा भुगा चिकट द्रव्यानें सांधून त्याचे ताव करतात; त्यास वास कातड्याचाच येतो. कातड्याच्या खालच्या, चिरून काढलेल्या थरावर प्लॅस्टिकचा पापुद्रा चढवितात; त्याची पाठही खरी असते. अशा वेळीं कापलेली कड पाहावी. अखंड कातड्यांत वरपासून खालपर्यंत तंतूंचें एकच जाळें दिसतें आणि वर जातांना तें दाट होतें. सोंगांत पापुद्रा, भुगा किंवा कापड यांचे थर वेगळे दिसतात. कड शिवणींत दुमडून लपविली असेल, तर दाणे, पाठ व वास या साऱ्यांची साक्ष एकत्र घ्यावी. एका खुणेवर विसंबणारा फसतो.

या फसवणुकीची किंमत दोघे देतात. कातड्याचे पैसे मोजणाऱ्या बेताच्या मिळकतीच्या माणसाची पिशवी थोड्याच दिवसांत पापुद्रे टाकूं लागते; आणि जो कारागीर कित्येक दिवस कातडें कमावून चपला शिवतो, त्याची मेहनत नकली मालाच्या भावाशीं तोलली जाते. कोल्हापुरी चपलेस २०१९ सालीं भौगोलिक मानांकन मिळालें, तें अशा नांवाच्या रक्षणासाठींच.

नकली कापड स्वतः दोषी नव्हे. मुलाच्या वहीस, पावसांतल्या पिशवीस किंवा जनावराचें कातडें ज्यास नको त्यास तें उपयोगीच आहे. आपलें खरें नांव सांगून तें विकलें गेलें, तर त्यास कोणी सोंग म्हणणार नाहीं.