सनदेचा आधार

‘सनद’ हा शब्द अरबी-फारसीच्या वाटेने मराठीत आला. मूळ अरबीत त्याचा अर्थ टेकण्याची जागा, आधार. पण ज्या महाविद्यालयालाच आधार नाही, त्याने दिलेल्या कागदावर विद्यार्थ्याने टेकायचे कसे?

सरकारी मान्यता नाकारण्याचीही एक उज्ज्वल परंपरा आपल्याकडे आहे. प्रा. विष्णु गोविंद विजापूरकरांनी १९०६ साली काढलेले समर्थ विद्यालय इंग्रज सरकारने १९१० मध्ये बंद पाडले. १९२० साली अलीगढला जामिया मिल्लिया इस्लामिया आणि १९२१ मध्ये पुण्याला टिळक महाराष्ट्र विद्यापीठ निघाले, ते असहकाराच्या लाटेत. आमच्या बुलढाणा जिल्ह्यात खामगावचे टिळक राष्ट्रीय विद्यालय याच परंपरेतले. अशा शाळेत मुलाला घालणाऱ्या बापाला ठाऊक असे, की या शिक्षणावर सरकारी नोकरी मिळायची नाही. मान्यता नव्हती, पण लपवाछपवीही नव्हती.

पुढे चित्र पालटले. वसंतदादा पाटील मुख्यमंत्री असताना १९८३ साली विनाअनुदानित अभियांत्रिकी महाविद्यालयांना वाट मोकळी झाली. त्याच वर्षी अमरावती विद्यापीठ स्थापन झाले आणि शेगावला संत गजानन महाराज अभियांत्रिकी महाविद्यालय उभे राहिले. वऱ्हाडातल्या शेतकऱ्याच्या मुलाला इंजिनिअर व्हायला पुण्या-मुंबईची वाट धरण्याची गरज उरली नाही, हे मोठेच काम झाले. मात्र मागणी वाढली तशी राज्यात काहींना घाई झाली. आधी प्रवेश, मग परवानगीचा अर्ज, आणि परीक्षा तोंडावर आली की विद्यार्थ्यांना पुढे करून कोर्टाची पायरी! ‘मुलांचे वर्ष वाया जाईल’ हा शेवटचा हुकमी युक्तिवाद.

सर्वोच्च न्यायालयाने तो १९८६ सालीच फेटाळला होता. आंध्र प्रदेशातल्या एका संस्थेने अल्पसंख्याक म्हणवून घेत, परवानगी आणि संलग्नता नसताना वैद्यकीय महाविद्यालय चालवले. संविधानाचे कलम ३० अल्पसंख्याकांना संस्था काढण्याचा हक्क देते, पण त्या कलमाची ढाल करून कायद्याला बगल देता येत नाही, हे त्या निकालाने दाखवले. कायदा मोडा असा आदेश न्यायालय विद्यापीठाला देऊ शकत नाही, असे सांगून विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू देण्यास नकार मिळाला. १९९२ मध्ये महाराष्ट्रातलेच प्रकरण आले. मान्यता नसलेल्या अध्यापक विद्यालयांतील विद्यार्थ्यांना उच्च न्यायालयाने दिलासा दिला होता. राज्य शासन अपिलात गेले आणि तो दिलासा रद्द झाला. जो उद्या वर्गावर उभा राहणार, त्याचे स्वतःचे शिक्षण कच्चे राहून कसे चालेल, हा त्यामागचा विचार.

१९९३ साली राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेचा कायदा झाला. मान्यता नसलेल्या संस्थेतील पदवी वा पदविका सरकारी अथवा अनुदानित शाळेतील नोकरीसाठी ग्राह्य धरायची नाही, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे. म्हणजे दोन वर्षे शिकून, परीक्षा देऊनही मुलाच्या हाती नुसता कागद. बिहारमधल्या एका दंत महाविद्यालयाच्या विद्यार्थ्यांना २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने शुल्क व्याजासह परत आणि वर भरपाई देवविली. परंतु गेलेले वय कोणत्या व्याजदराने परत करायचे?

इथेच खरी बोच आहे. न्यायालयाची भूमिका चुकीची म्हणता येत नाही. दया दाखवली तर प्रत्येक संस्थाचालक मुलांनाच ओलीस ठेवील. पण चूक संस्थेची असताना पहिला फटका बसतो तो शेत गहाण ठेवून फी भरणाऱ्या घराला. म्हणून प्रवेशाआधीच संस्थेला आवरणे, बेकायदा जाहिरात दिसताच ती थांबवणे, हे शासनाचे आणि विद्यापीठाचे काम आहे. परीक्षेच्या तोंडावर प्रवेशपत्र अडवणे हा फार उशिरा आलेला शहाणपणा झाला.

आणि पालकांनी? फी भरण्यापूर्वी तीन कागद मागावेत : शासनाची परवानगी, संबंधित परिषदेची मान्यता आणि विद्यापीठाची संलग्नता. तेही याच अभ्यासक्रमाचे आणि याच वर्षाचे. ‘प्रस्ताव पाठवला आहे’ म्हणजे मान्यता नव्हे. मेहकर-लोणारचा शेतकरी बैल घेताना दात मोजून पाहतो, दहा प्रश्न विचारतो. महाविद्यालयाच्या कार्यालयात मात्र तो टोपी काढून गप्प उभा राहतो. तिथेही त्याने विचारावे, आणि कागद दिसेपर्यंत पैसे मोजू नयेत.