ब्रेडविनर, द
युद्धग्रस्त अफगाणिस्तानातील मुलीची कथा सांगणारी किशोरांसाठीची कादंबरी (२०००). लेखिका डेबोरा एलिस (१९६०– ) कॅनडाच्या. पाकिस्तानातील निर्वासित छावण्यांत अफगाण स्त्रिया व मुलींशी झालेल्या भेटींतून हे लेखन आकाराला आले.

काळ तालिबानच्या पहिल्या राजवटीचा. अकरा वर्षांची परवाना काबूलमध्ये एका खोलीत कुटुंबासह राहते. बाजारात लोकांची पत्रे वाचून-लिहून देणाऱ्या वडिलांना तालिबानी पकडून नेतात. बायकांना पुरुषाच्या सोबतीशिवाय घराबाहेर पडायची बंदी. मग भाकरी आणायची कोणी? परवाना केस कापते, मृत भावाचे कपडे चढवते आणि मुलगा बनून वडिलांच्या जागी पथारी मांडते. जास्त पैसे मिळतात म्हणून ती आणि तिची मैत्रीण शौझिया दफनभूमीतली हाडे उकरून विकतात. हा भाग वाचताना अंगावर काटा येतो. पण लेखिका तो मुलांपासून लपवत नाही की भडकही करत नाही. या कादंबरीचे खरे मोठेपण तिथे आहे. परवाना शूर नायिका नाही, ती घाबरते, धाकट्या भावंडांना सांभाळते, थोरल्या बहिणीशी भांडते.

परवानाज जर्नी (२००२), मड सिटी (२००३) आणि माय नेम इज परवाना (२०१२) हे पुढील भाग. मराठी अनुवाद अपर्णा वेलणकर यांनी केला आहे. कादंबरीवरील नोरा टूमी दिग्दर्शित अॅनिमेशनपटाला (२०१७) ऑस्कर नामांकन मिळाले.