लोपामुद्रा : पोथीत राहिलेल्या नावाची कुळकथा

लोपामुद्रा हे अगस्त्य ऋषींच्या पत्नीचे नाव. अमरकोशात ते अगस्त्याच्या नावांना लागूनच येते. ती विदर्भाची राजकन्या, म्हणून तिला वैदर्भी असेही म्हणतात. विदर्भाने संस्कृत साहित्याला दमयंती, रुक्मिणी, इंदुमती आणि लोपामुद्रा अशा राजकन्या दिल्या. रुक्मिणीची रखमा आणि रखुमाई होऊन ती घरोघर पोचली. इंदुमतीच्या इंदू आणि इंदुताई दोन-तीन पिढ्यांपूर्वी चाळीचाळीत होत्या. दमयंतीही अधूनमधून भेटते. लोपामुद्रा मात्र मराठी पाळण्यात क्वचितच आली, आणि वयाने ती या साऱ्यांहून जुनी आहे.

या नावाचा सर्वांत जुना उल्लेख ऋग्वेदात, पहिल्या मंडलाच्या १७९ व्या सूक्तात आहे. सूक्त अवघे सहा ऋचांचे. परंपरेने त्यातल्या पहिल्या दोन ऋचा लोपामुद्रेच्या मानल्या आहेत, त्यामुळे तिची गणना घोषा, अपाला, विश्ववारा यांच्याबरोबर मंत्र रचणाऱ्या ब्रह्मवादिनींत होते. नाव स्वतः चौथ्या ऋचेत येते. प्रसंग घरातला आहे. नवरा तपात गढलेला आणि बायको वर्षानुवर्षे रात्रंदिवस राबून थकलेली. प्रत्येक उगवती पहाट म्हातारपण जवळ आणते आणि म्हातारपण शरीराची शोभा नेते, तेव्हा पुरुषाने आता तरी पत्नीजवळ यावे, असे तिचे स्पष्ट म्हणणे. दुसऱ्या ऋचेत ती दाखला देते : पूर्वीचे सत्यनिष्ठ, देवांशी संवाद करणारे लोकही व्रताचा शेवट गाठू शकले नाहीत, मध्येच थांबले. केलेले कष्ट वाया जात नाहीत, दोघांनी मिळून चाललो तर ही शर्यत जिंकू, असे उत्तर अगस्त्य देतो आणि तिचे म्हणणे मान्य करतो.

तिचे नाव ज्या ऋचेत येते तिथे कवीने अगस्त्याला ‘धीर’ आणि तिला ‘अधीर’ म्हटले आहे. मराठीत हे दोन्ही शब्द आजही जिवंत असल्याने त्यांतली गंमत सहज कळते. पाचवी ऋचा परंपरेने एका शिष्याची मानली जाते. गुरू-गुरुपत्नीचा हा संवाद कानावर पडल्याचा दोष धुऊन निघावा म्हणून तो सोमाची प्रार्थना करतो आणि माणसाला इच्छा फार असतात अशी कबुलीही देतो. शेवटच्या ऋचेत कुदळीने खणणारा, संतती आणि बळ इच्छिणारा अगस्त्य दिसतो. त्याने ‘दोन्ही वर्ण’ पोसले असे तिथे म्हटले आहे, आणि सायणाचार्यांनी त्याचा अर्थ काम आणि तप असा लावला आहे. दोन्ही पोसले जाण्याला कारण लोपामुद्रेचा आग्रह. नावाचा ‘स्वभाव’ शोधायचाच तर तो इथे सापडतो : हवे ते मागणारी, मागताना दाखला देणारी आणि न चिडता आपले म्हणणे मान्य करून घेणारी बाई.

नावाचा अर्थ एवढा सरळ हाती लागत नाही. लोकांत रूढ असलेली फोड अशी : लोप म्हणजे नाहीसे होणे आणि मुद्रा म्हणजे ठसा किंवा खूण. अगस्त्याने हरिणाचे डोळे, हत्तीची चाल असे ज्या प्राण्याचे जे उत्तम ते घेऊन एक मुलगी घडवली. त्यामुळे त्या त्या प्राण्याची खास मुद्रा लोपली, आणि म्हणून ती लोपामुद्रा. अर्थ कानाला गोड लागतो, पण त्यात अडचणी आहेत. पहिली व्याकरणाची. लोप आणि मुद्रा यांचा साधा समास केला तर ‘लोपमुद्रा’ व्हायला हवे, मधला दीर्घ ‘आ’ कुठून आला हे सांगता येत नाही. तो स्वर जागेवर बसवण्यासाठी लोपा आणि मुद्रा, किंवा लोप आणि आमुद्रा, अशा फोडी कराव्या लागतात आणि प्रत्येक फोडीसरशी अर्थ वेगळ्याच वाटेला जातो. विशेषनामांत स्वर असा लांबतो हे खरे. विश्व आणि मित्र मिळून ‘विश्वामित्र’ होतो, आणि ऋषीचे नाव असेल तेव्हाच हा दीर्घ येतो, असा स्वतंत्र नियम पाणिनीला करावा लागला. लोपामुद्रेसाठी मात्र त्याने असा नियम केलेला नाही.

दुसरी अडचण काळाची. मुद्रा हा शब्द ठसा, शिक्का या अर्थाने रुळला तो ऋग्वेदानंतरच्या संस्कृतात. लोप ही व्याकरणातली संज्ञाही नंतरची, आणि पाणिनीने तिचा अर्थ ‘न दिसणे’ असा ठरवून दिला. प्राण्यांच्या अवयवांची कथाही ऋग्वेदात नाही, ती महाभारतात येते. आणि महाभारतातही ब्राह्मणांनी तिचे नाव लोपामुद्रा ठेवले एवढेच सांगितले आहे. ते का ठेवले याचा खुलासा तिथे नाही. आधी नाव होते, मग कथा आली आणि कथेवरून नावाला अर्थ चिकटवला गेला, असा हा क्रम दिसतो. जुन्या नावांच्या बाबतीत असे वारंवार घडते. नावकोशात ‘लोपामुद्रा : जिची मुद्रा लोपली आहे ती’ असे छापलेले असले तरी तो अर्थ नावासोबत जन्मलेला नव्हे, त्याला मागाहून मिळालेला आहे.

महाभारतातली कथा वनपर्वात, तीर्थयात्रेच्या ओघात लोमश ऋषी युधिष्ठिराला सांगतात. अगस्त्याला आपले पूर्वज एका खड्ड्यात उलटे लोंबकळताना दिसतात. त्याला संतती नसल्याने ते अडकलेले असतात. आपल्याजोगी पत्नी कुठेच दिसेना, तेव्हा अगस्त्य सृष्टीतल्या उत्तमोत्तम अवयवांतून एक मुलगी घडवतो आणि अपत्यासाठी तप करणाऱ्या विदर्भराजाच्या घरी तिला जन्माला घालतो. ती मोठी झाल्यावर तो तिला मागायला येतो. नाही म्हणावे तर शाप, हो म्हणावे तर राजवाड्यात वाढलेली मुलगी रानात जाणार. राजा राणीकडे जातो, पण राणीही गप्प. तेव्हा लोपामुद्रा स्वतःच म्हणते की माझ्यापायी दुःख करू नका, मला त्यांना देऊन टाका आणि स्वतःला वाचवा.

लग्नानंतर ती रेशीम आणि दागिने उतरवून वल्कले नेसते आणि गंगाद्वारी नवऱ्याबरोबर तप करते. पुढे अगस्त्याच्या मनात संततीचा विचार येतो तेव्हा तिची मागणी येते. माहेरी होता तसा पलंग हवा, दागिने हवेत, वल्कलात हे व्हायचे नाही. माझ्याकडे धन नाही, असे अगस्त्य म्हणतो. तपाच्या बळावर सारे मिळवता येईल, असे ती सांगते. तसे केले तर तप खर्ची पडेल, हे त्याचे उत्तर तिलाही पटते आणि धर्म बुडू नये असे ती सांगते, पण मागणी मागे घेत नाही. मग अगस्त्य श्रुतर्वा, ब्रध्नश्व आणि त्रसदस्यू या तीन राजांकडे जातो. तिघेही आपले जमाखर्च उघडून दाखवतात आणि तिन्हीकडे आय आणि व्यय सारखेच निघतात. प्रजेला त्रास दिल्याशिवाय इथून काही उचलता येणार नाही हे ओळखून तो सगळ्यांना घेऊन इल्वल असुराकडे जातो. इल्वलाच्या भावाला, वातापीला, पचवल्याची प्रसिद्ध गोष्ट इथलीच. ती लहानपणी ऐकलेल्या बहुतेकांना तिचे मूळ एका बायकोच्या पलंगाच्या मागणीत आहे हे ठाऊक नसते.

संपत्ती आल्यावर अगस्त्य तिला विचारतो : हजार मुलगे हवेत, दहांच्या तोडीचे शंभर हवेत, शंभरांच्या तोडीचे दहा, की हजारांना भारी पडेल असा एकच? ती एक मागते. सात वर्षांच्या गर्भवासानंतर दृढस्यू जन्मतो. लहानपणापासून वडिलांसाठी इंधनाच्या मोळ्या वाहायचा म्हणून तो इध्मवाह झाला. या एका नावाची व्युत्पत्ती कथेत नीट दिली आहे, आईच्या नावाची तेवढी राहून गेली.

यानंतर लोपामुद्रेचा स्वभाव बदलत गेला. वाल्मीकी रामायणाच्या सुंदरकांडात सीता राक्षसींना उत्तर देताना पतीच्या मागे गेलेल्या स्त्रियांची नावे घेते, त्यांत अरुंधती आणि सुकन्येबरोबर लोपामुद्रा आहे. स्कंदपुराणातल्या काशीखंडात देव काशीला अगस्त्याच्या आश्रमात येतात, तेव्हा बृहस्पती लोपामुद्रेचे गुण गातो आणि तिच्या निमित्ताने पतिव्रतेच्या नियमांची लांबलचक यादी सांगतो. पतीनंतर जेवावे, पतीच्या आधी उठावे, पतीचे नाव उच्चारू नये. विंध्याला नमवण्यासाठी काशी सोडून निघालेले हे जोडपे दक्षिणेत येते आणि कोल्हापूरला महालक्ष्मीच्या दर्शनाला थांबते, असेही त्याच ग्रंथात आहे.

मराठी घरांत हे नाव पोचले ते याच वाटेने. सरस्वती गंगाधरांच्या गुरुचरित्रात एकतिसाव्या अध्यायात पतिव्रतेचा आचार सांगितला आहे आणि त्यात लोपामुद्रेचे आख्यान येते. दत्तजयंतीच्या सुमारास घरोघर सप्ताह बसतात, तेव्हा दरवर्षी हे नाव वाचले जाते. गुरुचरित्राची पोथी बायकांनी वाचू नये असा समज पुष्कळ घरांत होता. म्हणजे ऋग्वेदात स्वतः मंत्र म्हणणाऱ्या बाईची ओळख मराठी बायकांना झाली ती पुरुषाच्या तोंडून, आणि तीही न बोलणारी आदर्श पत्नी म्हणून. मुलीला हे नाव ठेवावेसे का वाटले नसेल, याचे उत्तर काही अंशी इथे असावे. पोथीतल्या लोपामुद्रेला ना रुक्मिणीसारखे पळून जाणे, ना दमयंतीसारखे रानोमाळ हिंडणे. तिची फक्त स्तुती आहे.

शाक्त परंपरेत मात्र तिला वेगळेच स्थान मिळाले. श्रीविद्येच्या पंधरा अक्षरी मंत्राचे दोन मुख्य पाठ आहेत. ‘क’ने सुरू होणारा तो कादी, त्याचा द्रष्टा कामदेव. ‘ह’ने सुरू होणारा तो हादी, आणि त्याची द्रष्टी लोपामुद्रा. ललितासहस्रनामात, म्हणजे हयग्रीवाने तिच्याच नवऱ्याला सांगितलेल्या स्तोत्रात, लोपामुद्रेने पूजिलेली हे देवीचे एक नाव आहे. तिथे ती कुणाची पत्नी म्हणून येत नाही, उपासक म्हणून येते. भाद्रपदाच्या सुमारास अगस्त्याचा तारा उगवल्यावर त्याला अर्घ्य देण्याचे जुने व्रत आहे, त्यात तिलाही अर्घ्य दिले जाते.

कर्नाटकातल्या कोडगूमध्ये ती नदी झाली. तिथल्या कथेत ती मूळची ब्रह्मदेवाची मुलगी. कवेर मुनींनी तिला वाढवले म्हणून ती कावेरी. अगस्त्याने लग्नानंतर तिला कमंडलूत ठेवले आणि त्या कमंडलूतून ती वाहत निघाली. ब्रह्मगिरीवरच्या तलकावेरीला ऑक्टोबरच्या मध्यावर, तूळ संक्रांतीला, त्या उगमाचा उत्सव होतो. कावेरी हे नाव दक्षिणेत हजारो मुलींना ठेवले जाते. कथेप्रमाणे बाई एकच, पण प्रवाहाचे नाव पाळण्यात आले आणि ऋषिपत्नीचे मागे राहिले. तमिळ भाषेत शब्दाच्या आरंभी ‘ल’ येत नाही, म्हणून तिथे लोपामुद्रा या नावाआधी ‘उ’ लागतो.

आज हे नाव तुलनेने अधिक आढळते ते बंगाल आणि ओडिशात. गायिका लोपामुद्रा मित्र हे बंगालमधले सर्वांना ठाऊक असलेले उदाहरण. बंगाली घरात शाळेसाठी भारदस्त ‘भालो नाम’ आणि हाक मारायला सुटसुटीत ‘डाक नाम’ अशी दोन नावे असतात, त्यामुळे लांबलचक संस्कृत नावाचे तिथे ओझे होत नाही. मराठी घरात नाव हाकेला सोपे हवे आणि मागे बाई किंवा ताई लागले तरी जिभेवर बसले पाहिजे. ‘लोपामुद्राबाई’ काही केल्या बसत नाही. शिवाय मराठी कानाला ‘लोप’ म्हटले की ‘लोप पावणे’ आठवते. बारशाला जमलेल्या आत्याबाईंना ते रुचणे कठीण.

तरीही हे नाव सुचवणारी एक जागा मराठी घरांत होतीच, ती म्हणजे पंचांग. भरणी नक्षत्राच्या चौथ्या चरणाचे अक्षर ‘लो’ आहे आणि ‘लो’ने सुरू होणारी मुलींची नावे बोटांवर मोजण्याइतकी. त्यामुळे पत्रिकेत जन्मनाव लोपामुद्रा आणि व्यवहारात भलतेच काही, असे घडायला जागा राहते. पंचांगकर्ते अशा अक्षरावरून मेष राशीचा स्वभाव सांगतात : धडाडी, उतावळेपणा. ऋग्वेदातल्या ‘अधीर’ या विशेषणाशी तो योगायोगाने जुळतो, पण तो प्रत्येक ‘लो’चा असतो, एकट्या लोपामुद्रेचा नव्हे.

गुजराती साहित्यिक कन्हैयालाल मुनशी यांनी वैदिक काळावरच्या आपल्या लेखनात ‘लोपामुद्रा’ हे नाव ग्रंथनामासाठी वापरले आणि तिला पुन्हा ऋग्वेदातल्या तेजस्वी रूपात उभे केले. अलीकडे मुलींना दुर्मीळ, जुनी आणि अर्थपूर्ण नावे ठेवण्याची हौस वाढली, तसे हे नाव महाराष्ट्रातही सुटेसुटे दिसू लागले. २०१६ मध्ये सौंदर्यस्पर्धेत आणि मग ‘बिग बॉस’मध्ये गाजलेली लोपामुद्रा राऊत ही नागपूरची, म्हणजे वैदर्भीच. घरात या नावाचे लोपा होते, क्वचित मुद्रा. व्याकरणही नावासोबत बदलले आहे. पोथीत ‘लोपामुद्रेस’ आणि ‘लोपामुद्रेचा’ असे सामान्यरूप होते, पण शाळेच्या पटावरच्या मुलीबद्दल बोलताना कुणी ‘लोपामुद्रेची वही’ म्हणत नाही, ‘लोपामुद्राची वही’ असेच म्हणतात.