कच्चा थर

स्लॅब पडल्यावर दुसऱ्या दिवशी त्याच्यावरून चालता येतं. पायाला तो टणक लागतो, पण आतून कच्चा असतो. हे मुकादमापासून घमेली वाहणाऱ्या बाईपर्यंत साइटवरच्या सगळ्यांना ठाऊक असतं. तरी २७ एप्रिल १९७८ च्या गुरुवारी ५१ माणसं अशाच जेमतेम एक दिवसाच्या काँक्रीटच्या भरवशावर अधांतरी काम करत होती. अमेरिकेच्या वेस्ट व्हर्जिनिया राज्यात, ओहायो नदीच्या काठी विलो आयलंड इथे वीजकेंद्राचा कूलिंग टॉवर उभा राहत होता. त्याची ठरलेली उंची ४३० फूट, म्हणजे चाळीस मजली इमारतीएवढी.

पाच वर्षं आधी

मी वेळ मोजायला सुरुवात करतो ती इथून. २ मार्च १९७३, व्हर्जिनियातली फेअरफॅक्स काउंटी. स्कायलाइन प्लाझा या इमारतीच्या २४व्या मजल्याचा माल पडत होता आणि त्याच वेळी २३व्या स्लॅबखालचे टेकू काढले जात होते. तो स्लॅब चार दिवसांचा, तेही थंडीतले दिवस. खांबांना सोडून तो खाली आला आणि त्याच्या ओझ्याने एकेक मजला कोसळत थेट जमिनीपर्यंत गेला. १४ कामगार मेले. नॅशनल ब्युरो ऑफ स्टँडर्ड्स या सरकारी संस्थेने चौकशी केली. काँक्रीट कच्चं असताना आधार काढला, हे तेव्हाच कागदावर आलं होतं.

२६ एप्रिल, दिवसा

टॉवरचा २८वा थर घातला गेला. रोज एक थर, पाच फुटांचा. आपल्याकडची बांबूची परांची जमिनीवर उभी असते. इथली जमिनीला टेकलेलीच नव्हती. फर्मे आणि परांची टॉवरच्या भिंतीलाच बोल्टने धरलेली होती आणि माल वर ओढणाऱ्या क्रेनही त्याच सांगाड्यावर होत्या. थर झाला की सगळा डोलारा वर सरकवायचा, कालच्या भिंतीला अडकवायचा आणि आजचा थर घालायचा. माणसं, लाकूड, लोखंड, ओला माल, सगळं वजन कालच्या कामावर.

२६ एप्रिल, रात्री

गारठा होता, १० अंश सेल्सिअसच्याही खालचा. काँक्रीट वाळून घट्ट होतं असं आपण सहज म्हणतो, पण ते वाळत नाही. सिमेंट आणि पाण्याची रासायनिक क्रिया होऊन त्याला बळ येतं आणि थंडीत ही क्रिया मंदावते. घड्याळात रात्र सरली, पण थर त्या मानाने फारसा पुढे गेलाच नव्हता. अशा वेळी भिंतीशेजारी, त्याच गारठ्यात ठेवलेले नमुने सकाळी दाबून, फोडून बघायचे असतात. काम थोडा वेळ थांबतं, इतकंच.

२७ एप्रिल, सकाळी

२९व्या थराची तयारी झाली. टॉवर १६६ फुटांवर पोचला होता आणि परांचीवर ५१ जण होते. काही बोल्ट बसवलेच नव्हते, बसवलेले होते ते पुरेशा ताकदीचे नव्हते. माल चढवण्याच्या यंत्रणेत बदल केले होते, पण इंजिनिअरांकडून ते नीट तपासून घेतलेले नव्हते. खाली उतरायला शिडी एकच. या ५१ जणांत एकाच कुटुंबातले ११ पुरुष होते. एका घरचे इतके जण एका कामावर, हे आपल्याकडच्या कुठल्याही साइटवर बघायला मिळतं. एकाला काम लागलं की तो भावाला आणतो, भाऊ मेहुण्याला आणतो.

दहा वाजून गेल्यावर

मालाची तिसरी बादली वर येत होती. तिचा दोर अचानक सैल पडला. चौथ्या क्रमांकाची क्रेन टॉवरच्या आतल्या बाजूला झुकली आणि कोसळली. मग २८वा थर, फळाची साल निघावी तसा, कडेकडेने सोलवटत गेला. आधी एका दिशेने, मग दोन्ही बाजूंनी, पूर्ण गोल. थरासोबत परांची गेली. पळायला जागाच नव्हती, कारण ज्याच्यावर पळायचं तेच खाली चाललं होतं. सेफ्टी बेल्ट तरी कशाला अडकवणार? परांचीवरचा एकही माणूस वाचला नाही.

त्याखालची भिंत मात्र उभीच राहिली. तिला बळ यायला वेळ मिळालेला होता.

त्यानंतर

स्कायलाइन प्लाझाची चौकशी करणाऱ्या त्याच संस्थेचे तपासनीस इथेही आले आणि पुन्हा तेच कारण निघालं: थंडीतलं कोवळं काँक्रीट आणि त्याच्यावर लादलेलं वजन. कामगार सुरक्षा खात्याने ठपका ठेवला, पण प्रकरण सुमारे ८५ हजार डॉलर दंडावर मिटलं. माणशी १,७०० डॉलरही पडत नाहीत. फौजदारी खटला कुणावरच चालला नाही. काँक्रीटच्या तापमानाच्या नोंदींवरून त्याचं बळ अजमावायची अमेरिकेतली प्रमाण पद्धत १९८७ साली आली, विलो आयलंडनंतर नऊ वर्षांनी.

टॉवर पूर्ण झाला. वरचे थर दुसऱ्या माणसांनी घातले.