अकरा वर्षांचा निवाडा

कुंभकोणमजवळच्या तिरुविडैमरुदूर येथे तंजावरचे पदच्युत राजे अमरसिंह यांचे अखेरचे दिवस गेले. तुळजाजीराजांनी १७८७ मध्ये सरफोजींस दत्तक घेतले. परंतु पंडितांच्या अभिप्रायावरून कंपनी सरकारने दत्तविधान अमान्य ठरवून गादी अमरसिंहांस दिली. पुढे काशीच्या व बंगालच्या पंडितांस विचारले, तो अभिप्राय उलटा! सरफोजी गादीवर बसले १७९८ साली. आणि १७९९ च्या तहाने कारभारच कंपनीकडे गेला. उरला तो किल्ला.

हा वारशाचा तंटा. फौजदारी खटल्यात, श्रोतेहो, आयुष्यच गहाण पडते. १९७९ मध्ये हुसैनारा खातून प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने शीघ्र न्यायचौकशी हा मूलभूत हक्क मानला. त्या वेळी बिहारमधील कित्येक कच्चे कैदी, दोषी ठरते तर जितकी शिक्षा होती त्याहून अधिक वर्षे, चौकशीवाचूनच तुरुंगात होते.