मोरीचे कल्ले, आपले कान : गर्भ, बालपण आणि उत्क्रांती

मालवणच्या बाजारात मोरी कापताना कधी कधी पोटातून अंडी नव्हे, पिल्लेच निघतात, तीही नाळेसकट. आपल्या किनाऱ्यावर मिळणाऱ्या स्कोलिओडॉन जातीच्या लहान मोरीत पिल्लांचे पोषण नाळेतून होते. ही नाळ मात्र आपल्या नाळेची पूर्वज नाही. दोन्हीकडे ती स्वतंत्रपणे विकसित झाली. नाते शोधायचे तर मोरीच्या डोक्यामागे, कल्ल्यांच्या फटींपाशी पाहावे.

माणसाच्या गर्भात चौथ्या आठवड्यात गळ्यापाशी अशाच कमानी दिसू लागतात. त्यांचे कल्ले कधीच होत नाहीत. मोरीत पहिल्या कमानीचा जबडा होतो आणि दुसरी त्याला आधार देते. आपल्यात पहिलीपासून जबडा आणि कानातली हातोडी व ऐरण ही हाडे बनतात, दुसरीपासून रिकीब. माशाने ज्याने जबडा तोलला, त्याच्याने आपण ऐकतो. गर्भाला शेपटीही असते. आठव्या आठवड्यापर्यंत ती जिरते आणि माकडहाड उरते.

गर्भ वाढताना पूर्वजांच्या प्रौढ अवस्थांतून जातो, असा नियम अर्न्स्ट हेकेल यांनी १८६६ मध्ये मांडला. तो चुकीचा ठरला. त्यांच्या चित्रांत गर्भांमधले साम्यही वाढवून दाखवले होते. गर्भ दुसऱ्या प्राण्याच्या गर्भासारखा दिसतो, प्रौढासारखा नाही, हे फॉन बेअर यांनी १८२८ मध्येच सांगितले होते.

पण तोवर त्या नियमाचा वापर सुरू झाला होता. गोरेतर समाज म्हणजे गोऱ्यांचे मूलपण, तिथेच अडकलेले, असे विद्वान लिहू लागले. पुढे १९२६ मध्ये लुई बोल्क यांनी उलटे मांडले : बालपणाची लक्षणे टिकवणे हेच माणसाचे वैशिष्ट्य. या कल्पनेत तथ्य आहे. जन्मतः आपला मेंदू प्रौढ मेंदूच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही लहान असतो, चिंपांझीचा सुमारे ४० टक्के; उरलेली वाढ माणसांत, भाषेत, शिकण्यात होते. मग या हिशेबाने मुलासारखे ठरवलेले लोक वर जायला हवे होते. पण बोल्क यांनीही गोऱ्यांनाच वर ठेवले! पुरावा फिरला, उतरंड तीच.

आपल्याकडे रिस्ले यांनी नाकांच्या मापांवरून जातींचे वंश ठरवले. बाबासाहेबांनी १९४८ च्या ‘द अनटचेबल्स’ या ग्रंथात तसलीच मापे तपासली आणि ब्राह्मण व अस्पृश्य एकाच वंशाचे असल्याचे त्याच मापांतून दाखवून दिले.