फाळके यांचा काशीवास

दादासाहेब फाळके यांच्या चरित्रात 1919 ते 1922 हा काळ बहुधा दोन वाक्यांत आटोपला जातो. भागीदारांशी मतभेद झाले, फाळके राजीनामा देऊन सहकुटुंब काशीस गेले, पुढे परत आले, एवढेच सांगितले जाते. चित्रपटाच्या इतिहासकाराला हे पुरेसे वाटावे हे स्वाभाविकच आहे. साहित्याच्या अभ्यासकाला मात्र ते पुरेसे वाटू नये. कारण पटकथाकार फाळके यांची खरी परीक्षा याच काळात झाली.

काशीचा आणि त्यांच्या कलेचा संबंध जुनाच होता. 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात लागलेल्या 'राजा हरिश्चंद्र'चा शेवट काशीतच होतो. 'लंकादहन' (1917) व 'कालियामर्दन' (1919) यांनी त्यांची कीर्ती वाढविली. पण 1918 मध्ये हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली आणि कर्त्या कलावंताच्या हातात भांडवलाची वेसण आली. पडद्यावरच्या राजाने राज्य सोडून काशीची वाट धरली होती. त्याच्या निर्मात्यानेही तीच धरली. मात्र हे साम्य फार ताणू नये. राजाने सत्यासाठी राज्य सोडले. फाळके यांच्या त्यागात वैतागाचा अंशही होता.

काशीत त्यांनी 'रंगभूमी' हे नाटक लिहिले. तत्कालीन नाट्यव्यवसायाचा उपहास करणारे हे नाटक सात अंकांचे होते. मूकपटात शब्दाला जागा ती काय, दोन दृश्यांमधल्या पाटीपुरती! इतकी वर्षे चित्रांतून बोललेला हा मनुष्य काशीत एकदम बोलू लागला आणि त्याला थांबणे जड गेले, असे म्हणावयास हरकत नाही. 1922 साली नाटक मुंबईत रंगभूमीवर आले. प्रेक्षकांनी त्याचे फारसे स्वागत केले नाही. त्याच वर्षी फाळके कंपनीत परतले.

या अपयशाचा अर्थ काय? फाळके यांना लेखनाची दृष्टी नव्हती, असा निष्कर्ष काढणे अन्यायाचे होईल. 'नवयुग' मासिकातील त्यांचे भारतीय चित्रपटावरील लेख त्याच्या विरुद्ध साक्ष देतात. त्यांची प्रतिभा दृश्यातून विचार करणारी होती. कृष्णाने कालियाच्या फणेवर उभे राहिले की त्यांचे वाक्य पूर्ण होई. संवाद हे त्यांच्या लेखी वाक्यानंतरचे भाष्य होते.

नियतीने त्यांना हाच प्रश्न पुन्हा एकदा घातला. बोलपट आला, आणि 1937 मध्ये कोल्हापूर सिनेटोनसाठी त्यांनी 'गंगावतरण' दिग्दर्शित केला. तो त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला. ज्या गंगेकाठी त्यांनी शब्दाचा आश्रय घेतला होता, तिचीच कथा सांगून त्यांनी शब्दांच्या युगाचा निरोप घेतला. 16 फेब्रुवारी 1944 रोजी नाशिकला त्यांचे निधन झाले.

आपली समीक्षा छापील संहितेलाच वाङ्मय मानते. फाळके यांचा काशीवास तिला विचारतो, की जो लेखक शब्दावाचून लिहितो, त्याची नोंद तुम्ही कोणत्या वहीत करणार?